विसार : वाग्दानाची खूण आणि वचनाची जबाबदारी

शास्त्रवाचन : उत्पत्ती २४:५०-६१, उत्पत्ती ३८:१२-२६, होशेय २:१९-२०, २ करिंथ १:१८-२२, इफिस १:११-१४

मध्यवर्ती विचार : विसार ही वस्तूची किंमत नव्हे. दिलेला शब्द पुरा करण्याची ती जबाबदारी आहे.

पवित्र शास्त्र वाचताना काही शब्द आपण इतक्या सवयीने उच्चारतो की त्यांच्या अर्थाजवळ थांबण्याचे आपल्याला सुचत नाही. ‘विसार’ हा अशांपैकी एक शब्द आहे. प्रेषित पौलाने पवित्र आत्म्याविषयी लिहिताना हा शब्द योजला आहे, आणि आपल्या मराठी शास्त्रात तो त्याच रूपात आला आहे. गावाकडे जमिनीचा वा बैलजोडीचा सौदा ठरला की विकत घेणारा काही रक्कम आगाऊ देतो, तिला विसार किंवा इसार म्हणतात. इसारपावती हा शब्द तर कचेरीच्या कागदांतही रुळलेला आहे. याच शब्दाचे एक जुने नाते विवाहाच्या वाग्दानाशी आहे. ते नाते समजले तर आपल्या घरांतील साखरपुड्याचा आणि ख्रिस्ती माणसाच्या आशेचा अर्थ अधिक स्पष्ट होतो.

१. शब्दाचा उगम

मूळ इब्री शब्द ‘एराबोन’ असा आहे. फिनिकी व्यापाऱ्यांबरोबर तो भूमध्य समुद्राकाठच्या बंदरांत पोहोचला आणि ग्रीकांनी तो ‘अर्राबोन’ या रूपाने स्वीकारला. पुढे लॅटिन भाषेत त्याचे ‘अर्राबो’ व ‘अर्रा’ असे रूप झाले. इजिप्तच्या वाळूत सापडलेल्या ग्रीक पपायरसांवर हा शब्द अगदी साध्या व्यवहारांत आढळतो. गाय विकताना हाती आलेल्या आगाऊ रकमेलाही तेथे हेच नाव आहे. म्हणजे पौलाने एखादा गूढ धार्मिक शब्द निवडला नाही, तर बाजारात रोज कानांवर पडणारा शब्द घेतला.

नव्या करारात हा शब्द तीनच ठिकाणी येतो : २ करिंथ १:२२, २ करिंथ ५:५ आणि इफिस १:१४. तिन्ही ठिकाणी तो पवित्र आत्म्याविषयी आहे. पौलाचा दृष्टान्त मुख्यतः व्यवहारातला आहे हे खरे. परंतु ग्रीक भाषेत हाच शब्द पुढे वाग्दानासाठी रूढ झाला. आजही ग्रीक माणूस साखरपुड्याला ‘अर्रावोनास’ म्हणतो. बाजाराच्या शब्दाला लग्नघरात जागा मिळाली, याचे कारण दोन्हीकडे एकच प्रश्न असतो : आज दिलेला शब्द उद्या पाळला जाईल, याची खात्री काय?

२. गहाण आणि विसार

जुन्या करारात ‘एराबोन’ हा शब्द यहूदा व तामार यांच्या दुःखद कथेत येतो. यहूदाने आपल्या विधवा सुनेला दिलेले वचन पाळले नव्हते. धाकटा मुलगा मोठा झाल्यावर तिचे लग्न त्याच्याशी लावून देण्याचे त्याने कबूल केले होते, पण वर्षे उलटली तरी ते केले नाही. पुढे तिला न ओळखता त्याने एक करडू देण्याचे कबूल केले आणि तोपर्यंत आपली मुद्रा, गोफ व काठी तिच्यापाशी ठेवली. तामारेवर जेव्हा देहान्ताचा प्रसंग आला, तेव्हा तिने याच तीन वस्तू पुढे पाठवल्या. यहूदाला आपले माप कळले. ती आपल्यापेक्षा अधिक नीतिमान आहे, अशी कबुली त्याला द्यावी लागली.

येथे दोन गोष्टी ध्यानात घ्याव्यात. पहिली ही की, यहूदाने ठेवलेली वस्तू गहाण होती. करडू पोहोचले की ती परत घ्यावयाची होती. विसार मात्र परत घ्यावयाचा नसतो. तो पुढे मिळणाऱ्या पूर्ण रकमेचाच पहिला भाग असतो. पौलाचा शब्द या दुसऱ्या अर्थाने आहे. दुसरी गोष्ट ही की, हमीची वस्तू कोणाच्या हाती असते हे फार महत्त्वाचे आहे. बलवानाचा शब्द दुर्बळाने कशाच्या आधारावर धरावा? तामारेच्या हातातील मुद्रेने तिचा जीव वाचवला, आणि पोटातील मुलेही वाचली. त्यांतील पेरेसाच्या वंशात पुढे आपला प्रभू जन्मला. मत्तयाने वंशावळीत तामारेचे नाव गाळले नाही.

३. रिबकेची नथ आणि बांगड्या

उत्पत्तीच्या चोविसाव्या अध्यायात वाग्दानाच्या देणग्यांचे सर्वांत सविस्तर चित्र आहे. अब्राहामाचा सेवक विहिरीपाशी रिबकेला अर्ध्या शेकेलाची सोन्याची नथ आणि दहा शेकेलांच्या दोन बांगड्या देतो. शेकेल सुमारे साडेअकरा ग्रॅमचा, म्हणजे जवळजवळ आपल्या तोळ्याएवढा. अर्ध्या तोळ्याची नथ आणि दहा तोळ्यांची बांगड्यांची जोडी असे म्हटले तर मराठी गृहिणीला हिशेब चटकन कळेल. पुढे बोलणी ठरल्यावर तो रिबकेला रुप्यासोन्याचे अलंकार व वस्त्रे देतो, आणि तिच्या भावाला व आईला मोलवान वस्तू देतो.

देणगीचा क्रम पाहा. मुख्य अलंकार आणि वस्त्रे वधूला मिळाली, घरच्यांना त्यानंतर. शिवाय निघण्याची वेळ आली तेव्हा घरच्यांनी मुलीला बोलावून विचारले, आणि तिने आपल्या तोंडाने ‘जाते’ असे सांगितले. तिने इसहाकाला पाहिलेले नव्हते. तिच्या हाती होत्या त्या बांगड्या आणि कानी होती ती सेवकाची साक्ष. एवढ्यावर ती दूरच्या प्रवासाला निघाली. विसाराचे काम हेच असते. न पाहिलेल्या गोष्टीकडे निघण्याचे धैर्य तो देतो.

याच लाबानाच्या घरी पुढच्या पिढीत काय घडले तेही शास्त्र लपवत नाही. याकोबाने दोन्ही मुलींसाठी चौदा वर्षे श्रम केले. त्या श्रमाचे मोल लाबानाने स्वतःच गिळले. उत्पत्ती ३१:१५ मध्ये लेआ व राहेल यांची तक्रार नोंदलेली आहे : बापाने आपल्याला विकले आणि आलेला पैसाही खाऊन टाकला. ज्या घरात रिबकेची संमती विचारली गेली, त्याच घरात एका पिढीनंतर मुली विकल्या गेल्या. चालीरीत बहुतांशी तीच राहिली, पण तिच्यातील जीव निघून गेला.

४. योसेफ, मरीया आणि एक लहान नाणे

आपल्या प्रभूच्या काळी यहुदी समाजात वाग्दान हे केवळ बोलणे नव्हते. वाग्दान झालेली मुलगी कायद्याने त्या पुरुषाची पत्नी मानली जाई, जरी ती अजून माहेरीच राहत असे. म्हणूनच योसेफाला संबंध मोडावयाचा तर सोडचिठ्ठीचाच विचार करावा लागला (मत्तय १:१८-१९). वाग्दानाच्या वेळी वराने वधूला काही मोलाची वस्तू देण्याची रीत होती. ती किमान किती मोलाची असावी यावर शास्त्र्यांत वाद होता, आणि तो मिश्नामध्ये नोंदलेला आहे. शम्मायाच्या पंथाचे म्हणणे, निदान एक दिनार असावा. हिल्लेलाच्या पंथाचे म्हणणे, एक परुता, म्हणजे तांब्याचे अगदी लहान नाणेही पुरे. पुढे हिल्लेलाचे मतच मान्य झाले. गरिबाचा शब्द श्रीमंताच्या शब्दापेक्षा हलका ठरू नये, हे तत्त्व त्यातून आपल्या हाती लागते.

५. मंडळीच्या इतिहासात

रोमी लोकांत वाग्दत्त वधूला अंगठी पाठवण्याची चाल होती. पहिल्या शतकातील लेखक प्लिनी सांगतो की, त्याच्या काळीही ही अंगठी लोखंडाची असे. पुढे रोमी कायद्याने वाग्दानाच्या विसाराला निश्चित रूप दिले. विसार देणाऱ्याने लग्न मोडले तर त्याने तो गमवावा, आणि घेणाऱ्या पक्षाने मोडले तर तो दंडासह परत करावा, असा नियम झाला. आरंभी हा दंड चौपट होता. सन ४७२ मध्ये सम्राट लिओ याने तो दुपटीवर आणला.

ख्रिस्ती मंडळीने ही चाल टाकून दिली नाही, तर तिला प्रार्थनेची जोड दिली. सन ८६६ मध्ये पोप निकोलस पहिले यांनी बल्गार लोकांच्या प्रश्नांना उत्तरे लिहिली. त्यांत वर वधूच्या बोटात विश्वासाची अंगठी घालून विसार देतो, असे वर्णन आहे. लॅटिनमध्ये या विधीला ‘सुबार्रातिओ’, म्हणजे विसार देऊन वाग्दान करणे, असे नाव पडले. आज तो शब्द जुन्या कोशांतच सापडतो. स्पेन देशात मात्र वराने वधूला तेरा नाणी देण्याची चाल अजून आहे, आणि त्या नाण्यांना ‘अर्रास’ असेच म्हणतात. पूर्वेकडील ऑर्थोडॉक्स मंडळ्यांत वाग्दानाच्या प्रार्थनेत अब्राहामाचा सेवक व रिबका यांचे स्मरण केले जाते. इंग्रजी भाषेतील ‘वेडिंग’ हा शब्दही ज्या जुन्या ‘वेड’ शब्दापासून आला, त्याचा मूळ अर्थ हमी किंवा तारण असाच होता.

६. राजस्थानचा नारळ : दोन कथा

आपल्या देशात विसाराची रूपे अनेक आहेत. राजस्थानातील रजपूत घराण्यांत वधूपक्षाकडून वराकडे नारळ पाठवीत. टीका म्हणजे वाग्दानाच्या देणग्या घेऊन मंडळी जात. नारळ स्वीकारला की शब्द बांधला गेला.

परंपरा अशी सांगते की, मेवाडचा राणा लाखा याच्या दरबारात मंडोरच्या राठोड घराण्यातील हंसाबाईसाठी नारळ आला. तो युवराज चूंडा याच्यासाठी होता. वृद्ध राण्याने थट्टेने म्हटले की, माझ्यासारख्या पांढऱ्या दाढीवाल्यासाठी अशी खेळणी कोण पाठवणार! चूंडाच्या कानी ते गेले. पित्याने थट्टेनेही ज्या मुलीचे नाव आपल्याशी जोडले, ती मला मातेसमान, असे म्हणून त्याने नकार दिला. आलेला नारळ परत पाठवणे हा मुलीच्या घराण्याचा अपमान झाला असता, म्हणून राण्याने स्वतः विवाह केला. हंसाबाईला होणारा पुत्र गादीवर बसावा म्हणून चूंडाने आपला ज्येष्ठत्वाचा हक्क सोडला, आणि पुढे मोकल हा राणा झाला. एका नारळापायी राज्य सोडणारा हा पुरुष शब्दाची किंमत जाणत होता. मात्र हंसाबाईला कोणी काही विचारले होते काय, हे कथा सांगत नाही.

दुसरी कथा इतिहासाची आहे, आणि जयपूरशी तिचा जवळचा संबंध आहे. उदयपूरचा महाराणा भीमसिंह याची कन्या कृष्णाकुमारी हिचे वाग्दान १७९९ मध्ये जोधपूरचा राजा भीमसिंह याच्याशी झाले होते. १८०३ मध्ये तो मरण पावला. मग तिचा संबंध जयपूरचा राजा जगतसिंह याच्याशी ठरवण्यात आला. तेव्हा जोधपूरच्या गादीवर आलेला मानसिंह पुढे सरसावला. वाग्दान माणसाशी नव्हते, जोधपूरच्या गादीशी होते, तेव्हा मुलगी माझी, असा त्याचा दावा होता. दोन्ही राज्यांत युद्ध पेटले. १८०७ मध्ये परबतसरजवळ मानसिंहाचा पराभव झाला आणि जोधपूरला वेढा पडला. दौलतराव शिंदे यांच्या फौजा आणि पेंढाऱ्यांचा सरदार अमीरखान हेही या भांडणात उतरले. अमीरखानाने आधी एका पक्षाची आणि नंतर दुसऱ्या पक्षाची बाजू घेतली. अखेर त्याने महाराण्यापुढे दोनच मार्ग ठेवले : मुलगी मानसिंहाला द्या, नाहीतर तिचा शेवट करा. २१ जुलै १८१० रोजी सोळा वर्षांच्या कृष्णाकुमारीला विषाचा प्याला देण्यात आला, आणि तिने तो घेतला.

अमीरखान १८१७ मध्ये टोंकचा नबाब झाला. आज जयपूरच्या दक्षिण भागात गोपालपुऱ्यावरून जो हमरस्ता जातो, त्याचे नाव टोंक रस्ता असेच आहे. त्या गजबजलेल्या चौकातून रोज हजारो माणसे जातात. त्यांपैकी कितींना त्या मुलीचे स्मरण असेल?

मानसिंहाचा युक्तिवाद नीट पाहावा. वाग्दान माणसाशी नसून गादीशी असते, असे तो म्हणाला. त्याच्या शब्दांचे आपल्याला नवल वाटते. पण ‘स्थळ’ पाहताना आपणही हेच करीत नाही काय? मुलगा कसा आहे यापेक्षा त्याची नोकरी, त्याचे घर, परदेशी जाण्याचा त्याचा योग, यांच्याशी आपण मुलीचे वाग्दान करतो. ज्याचे वाग्दान पदाशी होते, त्याचा संसारही पदाशीच होतो.

७. सुपारी, शालमुदी, साखरपुडा

मराठी समाजात सुपारी फुटली म्हणजे लग्न पक्के झाले. वराला शाल आणि मुदी, म्हणजे अंगठी, देण्याच्या विधीला शालमुदी असे जुने नाव होते. साखरपुडा या शब्दात तर पुडाभर साखरच आहे. या वस्तू पाहा : एक सुपारी, एक अंगठी, एक साखरेचा पुडा. यांतील बहुतेक गरिबाच्याही आवाक्यातल्या आहेत. हिल्लेलाचे तांब्याचे नाणे आणि आपल्या आजीची साखर यांचा धर्म एकच. वस्तू लहान, शब्द मोठा.

आपल्या ख्रिस्ती मंडळ्यांनीही ही रीत जपली आहे. पाळकांच्या उपस्थितीत शास्त्रवाचन व प्रार्थना होते, अंगठ्या दिल्या जातात, वडीलधाऱ्यांचे आशीर्वाद मिळतात. हे उत्तमच आहे. मात्र सुपारी या शब्दाचे पुढे काय झाले तेही पाहिले पाहिजे. वचनाची खूण असलेला हा शब्द आज वर्तमानपत्रांत पैसे घेऊन केलेल्या खुनासाठी वापरला जातो. पवित्र वस्तूही किती खाली घसरू शकते, याचे हे उदाहरण आहे.

साखरपुड्याचीही अशी घसरण आपल्या डोळ्यांदेखत होत आहे. पाळक प्रार्थना आटोपून बाहेर पडतात, आणि आतल्या खोलीत याद्या निघतात. किती तोळे, कोणती मोटारसायकल, कार्यालय कोणते, किती पाने उठणार. आपण ख्रिस्ती आहोत, आपल्यात हुंडा नाही, असे म्हणत ‘मुलीच्या हौसेने द्या’ असा निरोप जातो. जो विसार मुलीच्या संरक्षणासाठी होता, तोच तिच्या पित्याच्या गळ्यातील फास होतो. मागणी पुरी झाली नाही म्हणून ठरलेले लग्न मोडते, तेव्हा मुलाकडची मंडळी दुसऱ्या स्थळाकडे वळतात, आणि मुलीकडे मात्र लोक ‘काहीतरी असेल’ म्हणून बोट दाखवतात. शब्द मोडणाऱ्याऐवजी जिला शब्द दिला तिने लाज सोसावी, हा कोणता न्याय?

देशाचा कायदा याबाबत स्पष्ट आहे. १९६१ चा हुंडा प्रतिबंधक अधिनियम सर्व धर्मीयांना लागू आहे. लग्नाच्या संबंधाने, लग्नापूर्वी, लग्नात किंवा लग्नानंतर दिलेली वा देण्याचे कबूल केलेली मालमत्ता हुंडा ठरते. न मागता स्वखुशीने दिलेल्या भेटींना सवलत आहे, पण त्यांची यादी करून ठेवावी असा १९८५ चा नियम आहे. हुंडा म्हणून काही दुसऱ्या कोणाच्या हाती पडलेच, तर ते ठरावीक मुदतीत वधूच्या स्वाधीन केले पाहिजे. लेआ व राहेल यांची तक्रार जणू या कायद्याने ऐकली आहे. ख्रिस्ती मंडळीने ती कायद्याच्या आधी ऐकावयास हवी होती.

८. देवाने दिलेला विसार

आता पौलाच्या शब्दाकडे परत येऊ. इफिस १:१३-१४ आणि २ करिंथ १:२२ या दोन्ही ठिकाणी मुद्रा व विसार या दोन कल्पना जोडीने येतात. तामारेच्या हातीही मुद्राच होती, पण ती तिला परत करावी लागली. देवाने दिलेला विसार मात्र आपल्यापाशीच राहतो, कारण तो येणाऱ्या वतनाचाच पहिला भाग आहे. आज आत्म्याकडून जे प्रेम, जी शांती, जे पापाविषयीचे दुःख आणि क्षमेचा जो आनंद आपल्याला लाभतो, तो त्या मोठ्या दिवसाचाच अंश आहे. जमिनीचा विसार पैशात असतो आणि उरलेली रक्कमही पैशातच मिळते. तसेच आज जे मिळाले आहे, त्याच जातीचे पण पूर्ण, पुढे मिळणार आहे.

याहून मोठी गोष्ट ही की, येथे विसार देव देतो. व्यवहारात विसार देणारा स्वतःला बांधून घेतो. ज्याचा शब्द कधी ढळत नाही, त्याला हमी देण्याचे काय कारण होते? पण दुर्बळ पक्षाला धीर यावा म्हणून त्याने ती दिली. होशेय संदेष्ट्याच्या द्वारे देवाने अविश्वासू इस्राएलाशी पुन्हा वाग्दान केले, तेव्हा त्याने आणलेल्या देणग्या होत्या नीतिमत्ता, न्याय, ममता, करुणा आणि विश्वासूपणा. वराच्या हातून आलेल्या या वस्तूंची यादी आपल्या साखरपुड्याच्या यादीशेजारी ठेवून पाहावी. मग आपण कोणाच्या रीतीने चाललो आहोत हे कळावयास वेळ लागणार नाही.

पौलाने करिंथ येथील मंडळीला ख्रिस्ताची वाग्दत्त वधू म्हटले आहे (२ करिंथ ११:२). रिबकेप्रमाणे आपणही न पाहिलेल्या वराकडे निघालो आहोत. वाट लांब आहे. हातातील विसार पाहत पुढे जावयाचे आहे. ज्याला असा विसार मिळाला, त्याने दुसऱ्याला दिलेला शब्द मोडावा, हे त्याला शोभत नाही.

९. आचरणासाठी

(१) साखरपुड्यापूर्वी मुलगा व मुलगी यांना स्वतंत्रपणे विचारावे, आणि त्यांच्या ‘नाही’ला ‘होय’इतकाच मान द्यावा.

(२) देणगी लहान असावी, उघड असावी, आणि ती वधूवरांचीच राहावी. याद्या मागणाऱ्या घराला पाळकांनी व वडील मंडळींनी प्रेमाने पण स्पष्ट शब्दांत अडवावे.

(३) काही गंभीर कारण निघाल्यास लग्न थांबवणे हे पाप नाही. पण कारण खरे सांगावे, घेतलेले परत करावे आणि मुलीच्या नावाला डाग लागू देऊ नये. योसेफानेही, खरी हकिकत कळण्यापूर्वी, मरीयेची बेअब्रू होऊ न देण्याचाच विचार केला होता.

(४) ज्या मुलीचे ठरलेले लग्न मोडले, तिच्या घरी मंडळीने आपणहून जावे. तेथे विसाराचा अर्थ शिकवण्यापेक्षा तो होऊन दाखवणे अधिक गरजेचे आहे.

मननासाठी व गटचर्चेसाठी प्रश्न

१. गहाण आणि विसार यांतील फरक आपल्या शब्दांत सांगा. पवित्र आत्म्याला विसार म्हणण्यात कोणता दिलासा आहे?

२. रिबका, लेआ व राहेल, आणि कृष्णाकुमारी यांच्या वाग्दानांत मुलीच्या इच्छेला कोणते स्थान होते? आपल्या घरात आज कोणते आहे?

३. हिल्लेलाच्या पंथाने लहानात लहान नाणे पुरेसे मानले. आपल्या मंडळीत साखरपुड्याचा खर्च कमी करण्यासाठी कोणते एक पाऊल या वर्षी उचलता येईल?

४. आपण कोणाला दिलेला आणि अजून न पाळलेला एखादा शब्द आहे काय? तो पुरा करण्यासाठी या आठवड्यात काय कराल?